शीव ते ठाणें : पदच्युत आग्रा रस्त्याचा मागोवा

गेल्या वर्षीं एका परिचित गृहस्थांनीं आपल्या घरांतील एका जुन्या खरेदीखताची नक्कल आम्हांस वाचावयास आणून दिली. अक्षर मोडी, परंतु सुवाच्य. पहिल्या पानाचा कोपरा फाटून सालाचा आंकडा तेवढा गेलेला. मजकूर उलगडण्यास अर्धी घटकाही लागली नाहीं. जमीन तालुके साष्टी, जिल्हा ठाणें, घाटकोपर गांवच्या शिवेवरची. चतुःसीमा सांगतांना पूर्वेस ‘आग्रा रस्ता’, पश्चिमेस डोंगराची उतरण, आणि दक्षिणोत्तर शेजाऱ्यांचीं शेतें. अडचण वाचनाची नव्हतीच. त्या घरच्या मंडळींनीं आजच्या नकाशावर आग्रा रस्ता शोधिला, तो त्यांस तेथें सांपडला नाहीं. तेव्हां मुंबईहून आग्र्याकडे जाणारीं वाहनें आज ज्या मार्गानें धांवतात तो पूर्व द्रुतगती महामार्ग हाच आग्रा रस्ता असावा असें धरून, त्याच्या लगतच्या सखल भागांत वडिलार्जित जमीन हुडकण्याचा खटाटोप त्यांनीं दोन वर्षें केला. जमीन तेथें नव्हती, व असणें शक्यही नव्हतें. कारण त्या भागाच्या पश्चिमेस डोंगराची उतरण नसून लोहमार्ग आहे.

रस्ता नाहींसा झाला होता काय? मुळींच नाहीं. त्या रस्त्यावरूनच ते गृहस्थ आमच्याकडे आले होते. नाहींसें झालें होतें तें रस्त्याचें नांव आणि त्याचें पद. जो एके काळीं हिंदुस्थानच्या प्रमुख महामार्गांपैकीं एकाचा आरंभ होता, तो आज उपनगरांतील एक गजबजलेला नगररस्ता आहे, व लालबहादुर शास्त्री मार्ग या नांवानें ओळखला जातो. हा पदभ्रंश कसा झाला, रस्ता मुळांत कोठून कोठें जात असे, आणि जुने कागद जमविणाऱ्यांस त्याचें काय प्रयोजन, एवढें या लेखांत सांगण्याचें योजिलें आहे.

प्रथम शब्द पाहूं. या रस्त्याचें दक्षिण टोंक शीव. हा शब्द संस्कृत ‘सीमन्’ याचा वंशज असून गांवची शीव, शेताची शीव या प्रयोगांत तो अद्याप जिवंत आहे. इंग्रजी लेखनांत त्याचें ‘सायन’ झालें आणि मूळ अर्थ झांकला गेला. उत्तर टोंक ठाणें. हें संस्कृत ‘स्थानक’. शिलाहारांच्या लेखांत तें ‘श्रीस्थानक’ म्हणून येतें. १७८७ सालीं ठाण्याच्या किल्ल्यांत पाया खणतांना निघालेला शिलाहार अरिकेसरीचा शके ९३९ चा ताम्रपट आमच्या वाचकांस परिचित आहेच. या दोहोंच्या मधला प्रदेश साष्टी, म्हणजे षट्षष्टि, सहासष्ट गांवांचा समुदाय. शिलाहारांच्या ताम्रपटांतील ‘षट्षष्टि विषय’ तो हाच. पोर्तुगीजांनीं त्याचें ‘साल्सेत’ केलें. तात्पर्य, सीमेपासून स्थानकापर्यंत षट्षष्टि विषयांतून जाणारी वाट, एवढा अर्थ केवळ या तीन नांवांवरून निघतो.

आतां भूमि पाहूं. साष्टी बेटाच्या मध्यभागीं दक्षिणोत्तर डोंगरांची ओळ आहे; कान्हेरीचीं लेणीं याच डोंगरांत खोदलेलीं आहेत. पूर्वेस ठाण्याची खाडी. डोंगर आणि खाडी यांच्या दरम्यान एक अरुंद पट्टा राहतो. त्याचा खाडीकडील भाग भरतीच्या पाण्याचा, तिवरांचा व मिठागरांचा, आणि डोंगराकडील भाग कोरडा. पूल बांधण्याचीं साधनें बेताचीं होतीं त्या काळीं गाडीवाट या कोरड्या भागांतूनच जाणार हें उघड आहे. म्हणून जुना आग्रा रस्ता डोंगराच्या पायथ्याशीं सलगी ठेवून जातो. त्याच्या पूर्वेस लोहमार्ग आहे. आणि त्याच्याही पूर्वेस, पूर्वीच्या खाजणांच्या व मिठागरांच्या बाजूनें, द्रुतगती महामार्ग आहे. घाटकोपरपासून मुलुंडपर्यंत कोठेंही पश्चिमेकडून पूर्वेकडे चालत गेल्यास या तीन रेषा याच क्रमानें लागतात, आणि हाच त्यांच्या वयाचा क्रम आहे. जी रेषा जितकी नवी, तितकी ती खाडीच्या जवळ, व तितका तिला मातीचा भराव अधिक. ज्यास एकही कागद वाचतां येत नाहीं त्यासही हा इतिहास पायांनीं वाचतां येईल.

परंतु वाट असणें निराळें आणि रस्ता असणें निराळें. साष्टी व मुंबई हीं दोन स्वतंत्र बेटें. त्यांच्यामध्यें शीव व कुर्ला यांच्या दरम्यान खाडीचें पात्र व दलदल. ही नुसती पाण्याची फट नव्हती, राज्यांची सीमा होती. १५३४ सालीं गुजराथच्या बहादुरशहानें वसई व तिचे ताबेतील प्रदेश पोर्तुगीजांस दिले. १६६१ च्या विवाहतहानें मुंबई इंग्लंडच्या राजाकडे जावयाची ठरली व १६६८ सालीं ती कंपनीस मिळाली. साष्टी मात्र पोर्तुगीजांकडेच राहिली. शीवच्या टेकडीवर इंग्रजांनीं सतराव्या शतकांत किल्ला बांधिला तो याच सीमेवर नजर ठेवण्यास. १७३७ सालीं मराठ्यांनीं ठाणें व साष्टी घेतली, १७३९ सालीं चिमाजी आप्पांनीं वसई सर केली, आणि शीवच्या पलीकडचा शेजारी पोर्तुगीज न राहतां पेशवा झाला. १७७४ च्या डिसेंबरांत इंग्रजांनीं ठाण्याचा किल्ला घेतला, आणि १७८२ च्या सालबाईच्या तहानें साष्टीवरील त्यांचा ताबा कायम झाला. दोन्ही तीर एका सत्तेखालीं नव्हते तोंपर्यंत कोणत्याही पक्षास तेथें पक्का बांध घालण्याची गरज वाटली नाहीं. शत्रूच्या दारापर्यंत रस्ता कोण बांधील? सालबाईनंतर सोळा वर्षांनीं तें काम हातीं घेण्यांत आलें.

गव्हर्नर जोनाथन डंकन याच्या कारकीर्दींत १७९८ सालीं शीवचा सेतु सुरू झाला, व तो १८०५ सालीं पुरा झाला. १८२६ सालीं, एल्फिन्स्टन गव्हर्नर असतां, त्याची रुंदी वाढविण्यांत आली. या एका बांधानें काय झालें हें समजण्यास कौटिल्याकडे पाहावें. दुर्गनिवेशाच्या प्रकरणांत त्यानें रथ्येस चार दंड आणि राजमार्गास आठ दंड रुंदी नेमून दिली आहे, हें सर्वश्रुत आहे. परंतु त्याहून महत्त्वाचा विचार सातव्या अधिकरणांत आहे. तेथें पादपथापेक्षां चक्रपथ श्रेष्ठ ठरविला असून, मोठीं कामें चक्रपथानें उठवितां येतात हें त्याचें कारण दिलें आहे. शीवचा सेतु होण्यापूर्वीं मुंबई व साष्टी यांचा संबंध नावेचा व पायांचा होता. सेतूनें तो चाकाचा केला. गाडी भरली कीं ती मुंबईच्या कोटापासून ठाण्यापर्यंत माल न उतरवितां जाऊं लागली.

त्याचा परिणाम जमिनीच्या व्यवहारांत लागलीच दिसतो. सेतु पुरा झाल्यावर तीन वर्षांनीं, १८०८ सालीं, कुर्लें व त्याच्या आसपासचीं सहा गांवें सरकारनें होरमसजी बमनजी वाडिया यांस मुंबई शहरांतील एका जागेच्या मोबदल्यांत दिलीं. ठाणें जिल्ह्याच्या १८८२ सालच्या गॅझेटिअरमध्यें या गांवांचीं नांवें आहेत. जीं गांवें खाडीपलीकडचीं म्हणून दूर होतीं, तीं शहरांतील जागेच्या बदल्यांत घेण्याजोगीं ठरलीं. साष्टीच्या पश्चिम बाजूस हेंच काम माहीमच्या सेतूनें केलें. तो १८४५ सालीं खुला झाला, व त्याचा खर्च सर जमशेटजी जिजीभाई यांच्या पत्नी अवाबाई यांनीं दिला. त्या बाजूचा रस्ता घोडबंदरपर्यंत जाई म्हणून त्यास घोडबंदर रस्ता म्हणत. मुंबईच्या उपनगरांतील त्याचा भाग आज स्वामी विवेकानंद मार्ग झाला आहे. दोन्ही रस्त्यांची गति एकच, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें.

‘आग्रा रस्ता’ हें नांव कसें पडलें तें सांगणें सोपें आहे. रस्त्यांस नांवें दूरच्या टोंकावरून पडतात. पुण्यास जाणारा पुणें रस्ता, घोडबंदरास जाणारा घोडबंदर रस्ता. ठाण्याहून पुढें भिवंडी, शहापूर, कसारा, थळ घाट, नाशिक, धुळें, सेंधवा, इंदूर, शिवपुरी, ग्वाल्हेर आणि धोलपूर या क्रमानें जाणारी ही वाट अखेर आग्र्यास पोंचते. एकंदर अंतर सुमारें ११६० किलोमीटर. कुर्ल्याच्या ज्या शेतकऱ्यानें आग्रा जन्मांत पाहिलें नाहीं, त्याच्याही बांधाची पूर्व शीव या नांवानें लिहिली गेली.

मुंबई बेटांतील अंतरें मोजण्याचा आरंभ कोटांतील सेंट थॉमस देवळापासून करीत. हें देऊळ १७१८ सालीं उघडलें. त्यापासूनचे मैल रोमन आंकड्यांनीं कोरलेले काळ्या पाषाणाचे दगड रस्त्यांच्या कडेस बसविलेले होते. त्यांपैकीं मोजके मुंबईंत अद्याप उभे आहेत, व अलीकडे महापालिकेनें त्यांची डागडुजी केली आहे. कित्येक दगड पदपथाच्या चढत्या थरांखालीं गळ्यापर्यंत पुरले गेले होते. ज्यास आपण शिलालेख म्हणून मान देतों त्याहून या दगडांची योग्यता कमी नाहीं. राजाचें नांव नसलें तरी मोजणाऱ्या राज्याचा मापदंड त्यांवर आहे.

आतां शीवपासूनचा मार्ग क्रमानें सांगतों. शीव स्थानकाच्या पश्चिमेस हा रस्ता सुरू होऊन धारावीची कड धरून मिठी नदीचें पात्र ओलांडतो व कुर्ल्यांत शिरतो. येथून पुढें ठाण्यापर्यंत तो लोहमार्गाच्या पश्चिमेसच राहतो. कुर्ल्याहून घाटकोपर, घाटकोपरहून विक्रोळी, जेथें पवईकडून येणारा रस्ता त्यास मिळतो, मग कांजूर, भांडुप, नाहूर आणि मुलुंड. मुलुंडच्या उत्तरेस मुंबईची हद्द संपते तेथें जकातीचा नाका होता. त्यावरून त्या जागेस चेक नाका म्हणतात. १ जुलै २०१७ पासून मुंबईची जकात बंद झाली, तरी नांव राहिलें. त्याच हद्दीवर पथकराचें ठाणेंही होतें. २०२४ च्या ऑक्टोबरांत हलक्या वाहनांस तो कर माफ झाला. हद्द ओलांडल्यावर ठाण्यांत तीन हात नाका, मखमली तलाव, खोपट, माजिवडें, आणि पुढें बाळकुम व काशेळी यांवरून रस्ता भिवंडीस जातो. शीवपासून ठाण्यापर्यंतचा टप्पा सुमारें २१ किलोमीटरांचा आहे. येथें एक लक्षांत घेण्याजोगी गोष्ट अशी कीं, मुंबईच्या हद्दींत जुनें नांव बोलण्यांतूनही बहुतेक गेलें. पण ठाण्याच्या पलीकडे, भिवंडीच्या बाजूस, आणि नाशिक शहरांतही, लोक ‘जुना आग्रा रोड’ असें आजही म्हणतात. ‘जुना’ हें विशेषण नांवामागें लागलें, कीं जवळपास कोठेंतरी नवा रस्ता जन्मला असें समजावें.

या रस्त्याच्या इतिहासांत भांडुपास विशेष स्थान आहे. मुंबई सरकारचे मुख्य इंजिनिअर जॉर्ज क्लार्क हे १८४३ सालीं भांडुप येथें आले असतां, मुंबईपासून कुर्लें, ठाणें, कल्याण व पुढें थळ आणि बोर या घाटांपर्यंत लोहमार्ग न्यावा ही कल्पना त्यांस प्रथम सुचली, असें रेल्वेचा इतिहास सांगतो. दहा वर्षांनीं, १६ एप्रिल १८५३ रोजीं, मुंबई ते ठाणें ही २१ मैलांची पहिली गाडी धांवली. घाटाच्या तोंडाशीं माल व माणसें कोठून येतात आणि कोठें खोळंबतात हें या वाटेवरच दिसत असे. तेव्हां लोहमार्गाची कल्पना या वाटेवर सुचावी यांत नवल नाहीं. पुढें दूरचा माल व दूरचा प्रवासी लोहमार्गानें नेला, आणि रस्त्याकडे जवळची वाहतूक उरली. मोटारीचा काळ आल्यावर रस्त्याचें तेज पुनः वाढलें. पण तोंपर्यंत त्याच्या कडेचीं खेडीं उपनगरें होऊं लागलीं होतीं.

उपनगर झालें कीं कागदांचा मालक बदलतो. हा मुद्दा संशोधकांस फार उपयोगाचा आहे, म्हणून साल देऊन सांगतों. १९२० सालीं साष्टीचा दक्षिण भाग ठाणें जिल्ह्यांतून निराळा काढून मुंबई उपनगर जिल्हा केला. १९५० सालीं मुंबई महापालिकेची हद्द पूर्वेकडे भांडुपपर्यंत व १९५७ सालीं मुलुंडपर्यंत आली. अर्थात् एकाच रस्त्याच्या एकाच बाजूचे कागद प्रथम ठाण्याच्या, मग उपनगर जिल्ह्याच्या आणि नंतर महापालिकेच्या दप्तरांत शोधावे लागतात.

पदाची गोष्ट अशी. १९५६ च्या राष्ट्रीय महामार्ग अधिनियमानें महामार्गांची सूची निश्चित झाली. तींत तिसऱ्या क्रमांकाचा महामार्ग आग्र्यापासून ग्वाल्हेर, शिवपुरी, इंदूर, धुळें, नाशिक व ठाणें यांवरून मुंबईस येणारा असा वर्णिला आहे. आणि चौथ्याचा आरंभ ठाण्याजवळ तिसऱ्याशीं होणाऱ्या संगमापासून सांगून तो पुणें, बेळगांव, बंगळूर या मार्गें मद्रासेस नेला आहे. मुंबईहून पुण्यास जावयाचें तर प्रथम ठाण्यास जाऊन मुंब्र्यावरून पनवेल गांठावें लागे, याचा हा कायद्याच्या भाषेंतील पुरावा होय. १९७३ सालीं वाशीजवळ ठाण्याच्या खाडीवर पूल झाला आणि पुण्याची वाहतूक ठाण्यास न जातां परभारें जाऊं लागली. पूर्वेकडील सखल जमिनीवरून द्रुतगती महामार्ग झाल्यावर आग्र्याकडील दूरची वाहतूक तिकडे वळली. याप्रमाणें जुन्या रस्त्याचीं दोन्ही कामें गेलीं, आणि पाठोपाठ महामार्गपणही गेलें. त्याच अधिनियमाच्या दुसऱ्या कलमांत सरकारास एखादा मार्ग सूचींत घालण्याचा जसा अधिकार आहे, तसा सूचींतून वगळण्याचाही आहे. वगळल्यानें दगडमातीचा रस्ता हालत नाहीं. त्याची देखभाल, त्याच्या मोजणीचे नकाशे आणि त्याचीं दप्तरें यांस नवा धनी मिळतो, आणि पुष्कळदां धनी बदलण्याच्या घाईंत जुनें दप्तर बेवारस होतें.

क्रमांकांची कथा याहून चमत्कारिक आहे. २०१० सालीं सर्व राष्ट्रीय महामार्गांचे क्रमांक नव्यानें लाविले. दक्षिणोत्तर मार्गांस सम व पूर्वपश्चिम मार्गांस विषम आंकडे. सम आंकडे पूर्वेकडून पश्चिमेकडे व विषम आंकडे उत्तरेकडून दक्षिणेकडे वाढत जाणारे, असा नवा नियम. या नियमानें तिसरा क्रमांक उत्तरेस गेला. आज तो अटारीपासून अमृतसर व मनालीवरून लेहपर्यंत जाणाऱ्या मार्गाचा आहे. पुण्याच्या मार्गाचा चौथा क्रमांक अंदमानांतील रस्त्यास मिळाला. दिल्लीहून मुंबईस येणाऱ्या मार्गाचा आठवा क्रमांक आसाम व त्रिपुरा यांकडे गेला; आणि तो मार्ग पुण्याच्या मार्गासह अठ्ठेचाळिसावा झाला. म्हणजे १९९० सालच्या एखाद्या करारपत्रांत ‘राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ३ लगत’ असें लिहिलें असेल, तर आजच्या सूचीवरून तें शेत हिमालयांत पडेल! दप्तरखान्यांत रुमालांचे क्रमांक एकदां बदलले, आणि जुन्या व नव्या क्रमांकांचा मेळ दाखविणारी यादी कोणी केली नाहीं, म्हणजे मागील संशोधकांचे सारे हवाले कसे निरुपयोगी होतात, हें ज्यांनीं अनुभविलें आहे त्यांस अधिक सांगणें नलगे.

ज्यानें जुन्या रस्त्याचें पद घेतलें त्या द्रुतगती महामार्गाचीही पुढची अवस्था पाहण्यासारखी आहे. २०२२ सालीं पूर्व व पश्चिम हे दोन्ही द्रुतगती महामार्ग मुंबई महापालिकेच्या हवालीं करण्याचें राज्य शासनानें ठरविलें. ज्या वाटेनें आग्रा रस्ता गेला, त्याच वाटेनें त्याचा वारसही निघाला.

वरील सालांवरून साष्टीच्या पूर्व भागांतील तारीख नसलेल्या कागदाचा काळ अजमावण्याचीं कांहीं गमकें निघतात. जिल्हा ठाणें, तालुके साष्टी असा उल्लेख कुर्लें किंवा घाटकोपर यांविषयीं असेल, तर कागद १९२० पूर्वींचा मानावा. मुंबई उपनगर जिल्ह्याचा उल्लेख असेल तर तो त्यानंतरचा. चतुःसीमेंत आगगाडीचा रस्ता आला असेल तर तो १८५३ च्या सुमाराचा किंवा नंतरचा. उलट, आगगाडी आली नाहीं एवढ्यावरून तो त्यापूर्वींचा ठरत नाहीं, कारण जमीन रस्त्याच्या पश्चिमेस असल्यास तिच्या सीमेस लोहमार्ग लागतच नाहीं. नुसता ‘आग्रा रस्ता’ असेल तर या भागापुरता तो डोंगराच्या बाजूचा जुना रस्ताच समजावा. ‘लालबहादुर शास्त्री मार्ग’ असेल तर कागद शास्त्रीजींच्या निधनानंतरचा, म्हणजे १९६६ पूर्वींचा खचित नव्हे. मूळ दस्ताची नक्कल असेल तर मात्र सावध राहावें. नक्कल करणारा कारकून जुन्या नांवाच्या जागीं आपल्या काळचें नांव घालतो, असें पुष्कळदां घडतें.

प्रारंभीं सांगितलेल्या खताचा निकाल या गमकांनीं सहज लागला. जिल्ह्याच्या उल्लेखावरून तें १९२० पूर्वींचें. पूर्वेस आग्रा रस्ता, म्हणून जमीन लालबहादुर शास्त्री मार्गाच्या पश्चिमेस. पश्चिमेस डोंगराची उतरण, म्हणून ती खाजणाच्या बाजूस नव्हे. त्या मंडळींनीं हीं दोन वाक्यें घेऊन पुनः मोजणीचे जुने नकाशे पाहिले, तेव्हां चारांपैकीं तीन बाजू जुळल्या. पुढचा हक्काचा प्रश्न न्यायासनाचा आहे. आमचें काम स्थलनिश्चयापुरतें. परंतु दोन पिढ्यांच्या आंत, रस्ता डोळ्यांसमोर असतां, एका सुशिक्षित घरास आपली जमीन कोणत्या बाजूस हें कळूं नये, इतका नांवाच्या फरकाचा प्रभाव आहे.

ताम्रपटांतील आघाटांचा अर्थ लावण्यांत आपण आयुष्यें वेंचितों. पूर्वेस अमुक ओढा, दक्षिणेस अमुक वृक्ष, पश्चिमेस राजमार्ग, असें वाचून तो ओढा व तो मार्ग शोधीत उन्हातान्हांत हिंडतों. ओढा आटला, वृक्ष पडला, मार्गाचें नांव पालटलें, म्हणून ते शोध कठीण होतात. आपल्या डोळ्यांदेखत हेंच पालटणें चाललें असतां आपण त्याची टिपणें ठेवूं नयेत हें योग्य नव्हे. शीवचा १९१२ सालचा लोहमार्गावरील पूल २०२४ च्या ऑगस्टांत वाहतुकीस बंद करून पाडावयास घेतला. रस्त्याच्या मधोमध वडाळा ते कासारवडवली या मेट्रो मार्गाचे खांब उभे राहिले. अशा कामांत कडेचे दगड, नाक्यांच्या चौक्या व जुन्या हद्दींच्या खुणा प्रथम उपटल्या जातात.

सबब संग्राहक बंधूंस तीन गोष्टी सुचवितों. पहिली, साष्टीकडील खतें, करारपत्रें व मोजणीचे नकाशे यांची यादी करितांना मूळांतील रस्त्याचें नांव अक्षरशः घेऊन समोर आजचें नांव द्यावें. मूळ शब्द सुधारूं नये. दुसरी, मैलाचा किंवा हद्दीचा दगड दिसल्यास तो हालण्यापूर्वीं त्याची जागा दोन स्थिर खुणांपासून मोजून ठेवावी. दगड वस्तुसंग्रहालयांत नेल्यानें अक्षरें वांचतात, पण अंतर जातें; आणि मैलाच्या दगडाचा अर्धा लेख म्हणजे तो ज्या जागीं उभा असतो ती जागा. तिसरी, पथकराच्या व जकातीच्या पावत्या, जुन्या बिलांवरील पत्ते, टपालाचीं पाकिटें हीं रद्दी समजून टाकूं नयेत. ज्या वर्षीं एका दुकानाच्या पाकिटावर ‘आग्रा रोड’ आहे व ज्या वर्षीं त्याच दुकानाच्या पाकिटावर ‘लालबहादुर शास्त्री मार्ग’ आहे, त्या दोन वर्षांच्या मध्यें नांव लोकांच्या हातीं केव्हां बदललें याचा निर्णय सांपडतो. सरकारी ठरावाची तारीख तेवढ्यास पुरत नाहीं.

घोडबंदर रस्त्याविषयीं अशींच गमकें लावितां येतील. ज्या वाचकांच्या संग्रहीं साष्टीच्या पश्चिम भागांतील दस्त असतील त्यांनीं त्यांतील चतुःसीमांचे उतारे पाठविल्यास, आग्रा रस्त्याच्या उताऱ्यांसह दोन्ही रस्त्यांची जुन्या व नव्या नांवांची यादी सिद्ध करण्याचा आमचा मानस आहे. मूळ कागद पाठविण्याचें कारण नाहीं. उतारा, गांवाचें नांव आणि कागदावर साल असल्यास तें, एवढें पुरे.